माडबनचा सडा आणि अणुभट्ट्या: अणुऊर्जाविरोधी आंदोलनांविषयी वारंवार विचारले जाणारे प्रश्न

माझं आजोळ राजापूर तालुक्यातलं. त्यामुळे जैतापूरच्या अणुवीज प्रकल्पाचा विषय निघाला की लोक माझ्याकडे वळतात, आणि गेली बरीच वर्षं प्रश्न साधारण तेच असतात. त्यांची उत्तरं इथे एकत्र लिहिली आहेत. मी गावकऱ्यांच्या बाजूचा आहे, हे आधीच सांगतो. जैतापूर समजून घ्यायचं तर जर्मनी, फ्रान्स आणि तमिळनाडूतही डोकवावं लागतं, म्हणून तिथलंही थोडं आलं आहे.

प्रकल्प जैतापूरचा, मग सारखं माडबनचं नाव का येतं?

जैतापूर हे खाडीच्या तोंडावरचं जुनं बंदर, म्हणून नकाशावर ओळखीचं. प्रकल्पाला ते नाव लागलं, पण जमीन गेली ती माडबन, मिठगवाणे, निवेली, करेल या बाजूची. क्षेत्र साधारण ९३८ हेक्टर. प्रत्येकी १६५० मेगावॉटच्या सहा फ्रेंच ‘ईपीआर’ अणुभट्ट्या, म्हणजे एकूण ९९०० मेगावॉट, अशी ही योजना. पूर्ण झाली तर एका जागेवरचा जगातला सगळ्यांत मोठा अणुवीज प्रकल्प ठरेल. सुरुवातीला करार ‘अरेवा’ या फ्रेंच कंपनीशी होता. ती कंपनी आर्थिक अडचणीत आली आणि तिचा अणुभट्ट्यांचा व्यवसाय २०१७ च्या अखेरीस ‘ईडीएफ’ या फ्रेंच सरकारी वीज कंपनीकडे गेला. आपल्याकडून ‘न्यूक्लिअर पॉवर कॉर्पोरेशन’ हे सरकारी महामंडळ आहे.

जमीन कातळच होती ना? मग एवढा विरोध कशासाठी?

हा प्रश्न मुंबई-पुण्याकडून हमखास येतो, म्हणून जरा सविस्तर सांगतो.

सातबाऱ्यावर या जमिनीचा मोठा भाग पड, वरकस किंवा पोटखराबा म्हणून नोंदलेला. मे महिन्यात सड्यावर, म्हणजे कातळाच्या पठारावर, उभं राहिलात तर तुम्हालाही तसंच वाटेल. काळा-तांबडा जांभा, मधूनच गडगा, आणि तव्यासारखा तापलेला दगड. तोच सडा श्रावणात बघा. गुडघाभर गवत, पाणी साचलेल्या खळग्यांच्या कडेने बारीक जांभळी-पिवळी फुलं, आणि चरायला सोडलेली गुरं. ते गवत कापून वर्षभराची वैरण होते. पडीच्या रकान्यात याची नोंद कुठेच नाही.

आणि कलमं. कातळावर हापूस लावायचा म्हणजे आधी सुरुंग लावून खड्डा फोडायचा, खालून घमेल्याने माती आणून तो भरायचा, मग कलम. पहिली दोन-तीन वर्षं उन्हाळ्यात डोक्यावरून पाणी घालायचं. माझ्या आजोबांनी लावलेल्या एका कलमाच्या बुंध्याशी अजून त्या फोडलेल्या दगडाच्या कपच्या दिसतात. कुणाच्या तरी दोन पिढ्या त्या खड्ड्यात गेलेल्या असतात. कागद वाचून ‘ओसाड जमीन’ म्हणणाऱ्याला हे दिसत नाही आणि गावातल्या माणसाला दुसरं काही दिसत नाही. मला विचाराल तर भांडणाची सुरुवात इथेच आहे. किरणोत्सर्गाचा विषय नंतर आला.

भूसंपादन सुरू झालं २००६ च्या सुमारास, १८९४ च्या इंग्रजी अमदानीतल्या कायद्याने. त्या कायद्यात संमतीचा प्रश्नच नव्हता, फक्त नुकसानभरपाई किती एवढंच. बहुतेकांनी चेक घ्यायला नकार दिला आणि कित्येक वर्षं तो टिकवला.

मच्छीमारांची तर जमीन गेली नाही. ते का उतरले?

खाडीच्या पलीकडे साखरी नाटे आहे. मोठं मच्छीमार गाव, वस्ती बहुसंख्य मुसलमानांची. समुद्राचा सातबारा नसतो, त्यामुळे सरकारी हिशेबात हे लोक प्रकल्पग्रस्त ठरेनात. पण अणुभट्टी थंड ठेवायला समुद्राचं पाणी घेतात आणि ते काही अंश गरम करून परत सोडतात. किनाऱ्याजवळचं पाणी तापलं तर मासळी दूर जाईल, आणि सुरक्षेच्या नावाखाली नौकांना तो पट्टा बंद होईल, या दोन भीती होत्या. महामंडळाचं म्हणणं असं की गरम पाणी आत खोलवर नेऊन सोडू आणि मासेमारीला अडथळा येणार नाही. नौका चालवणाऱ्या तांडेलाला हे पटवणं कठीण आहे. कारण मासळी एका हंगामात कुठून कुठे सरकते, हे तो रोज डिझेलच्या खर्चावरून मोजत असतो. किनाऱ्यापासून आणखी आत जायचं म्हणजे डिझेल जास्त, बर्फ जास्त आणि खलाशांचे दिवसही जास्त.

माडबनचे हिंदू शेतकरी आणि साखरी नाट्याचे मुसलमान मच्छीमार एका मोर्चात आले, ही या आंदोलनाची सगळ्यांत मोठी ताकद होती. तिची दखल बाहेर फार कमी घेतली गेली, याचं मला आजही वाईट वाटतं.

जनसुनावणी झाली होती ना? मग ‘विचारलं नाही’ असं का म्हणतात?

झाली. १६ मे २०१० ला माडबनला. पर्यावरणावरच्या परिणामांचा अहवाल नागपूरच्या ‘नीरी’ या सरकारी पर्यावरण संशोधन संस्थेने केला होता. हजारेक पानांचा, इंग्रजीत. ग्रामस्थांची तक्रार अशी की मराठी प्रत जेमतेम काही दिवस आधी आली, तीही सगळ्या गावांना नाही. ज्याला आपल्या विहिरीच्या पाण्याचं काय होणार ते वाचायचं आहे, त्याला तो कागद आपल्या भाषेत, वेळेवर मिळाला नाही, तर त्या सुनावणीला सुनावणी म्हणायचं कसं?

पुढे २८ नोव्हेंबर २०१० ला केंद्रीय पर्यावरणमंत्री जयराम रमेश यांनी ३५ अटींसह मंजुरी दिली. त्यानंतर आठवडाभरात फ्रान्सचे राष्ट्राध्यक्ष सार्कोझी भारतात आले आणि ६ डिसेंबरला करारावर सह्या झाल्या. गावात लोकांनी या दोन तारखा शेजारी शेजारी ठेवून पाहिल्या आणि काय समजायचं ते समजले.

फुकुशिमा झालं म्हणून लोक घाबरले, असं म्हणतात. खरं आहे का?

नाही. फुकुशिमाची दुर्घटना ११ मार्च २०११ ची. माडबनची मंडळी त्याच्या कितीतरी आधीपासून चेक नाकारत होती, आणि २०१० च्या अखेरीस शेकडो लोक जेलभरो करून बसले होते. फुकुशिमामुळे फरक पडला तो बाहेरच्यांमध्ये. तोपर्यंत टीव्हीवर ‘विकासाला आडवे येणारे’ म्हणून दाखवले जाणारे लोक अचानक ऐकण्यासारखं काहीतरी सांगू लागले.

भूकंपाचा मुद्दाही जुना आहे. कोयना तिथून फार लांब नाही आणि १९६७ चा भूकंप कोकणातल्या म्हाताऱ्या माणसांच्या अंगावर अजून काटा आणतो. सरकारी नकाशात ही जागा विभाग ३ मध्ये, म्हणजे मध्यम धोक्याच्या पट्ट्यात आहे. रॉजर बिलहॅम आणि विनोद गौर या भूकंपशास्त्रज्ञांनी २०११ मध्ये ‘करंट सायन्स’मध्ये लिहून तिथला धोका अधिक काळजीने तपासायला हवा, असं मांडलं. अणुऊर्जा नियामक मंडळाचे माजी अध्यक्ष ए. गोपालकृष्णन, नौदलाचे माजी प्रमुख ॲडमिरल रामदास, निवृत्त न्यायमूर्ती पी. बी. सावंत अशी माणसं आंदोलनाच्या बाजूने उभी राहिली. यांना ‘अडाणी’ म्हणणं कुणालाच जमण्यासारखं नव्हतं.

१८ एप्रिल २०११ ला काय झालं?

प्रकल्पाच्या जागेवर सुरू झालेल्या कामाला विरोध करायला लोक जमले. नाट्याला पोलीस ठाण्यावर जमाव चालून आला असं पोलिसांचं म्हणणं, आणि गोळीबारात एक तरुण मच्छीमार गेला. दुसऱ्या दिवशी रत्नागिरी बंद झाली. त्याच आठवड्यात तारापूरहून जैतापूरला निघालेली यात्रा पोलिसांनी वाटेत अडवली. जमावबंदीचे आदेश, तडीपारीच्या नोटिसा, गुन्हे हे आधीपासूनच चालू होतं.

यात्रा तारापूरहून निघाली याला कारण आहे. देशातला पहिला अणुवीज प्रकल्प तिथे १९६९ मध्ये सुरू झाला. पुढे तिसऱ्या आणि चौथ्या भट्टीसाठी अक्करपट्टी आणि पोफरण ही गावं उठवली गेली, आणि पुनर्वसनासाठी तिथल्या लोकांना वर्षानुवर्षं कोर्टाच्या पायऱ्या चढाव्या लागल्या. माडबनच्या माणसाला अणुवीज म्हणजे काय हे पुस्तकातून शिकायची गरज नव्हती. पालघरकडे पाहिलं की पुरे.

राजकीय पक्षांनी काय केलं?

राज्यात आणि केंद्रात काँग्रेस आघाडीचं सरकार होतं. मुख्यमंत्री पृथ्वीराज चव्हाण स्वतः पूर्वी केंद्रात अणुऊर्जा खात्याशी संबंधित राज्यमंत्री राहिलेले, त्यामुळे त्यांचा प्रकल्पावर मनापासून विश्वास होता. कोकणात प्रकल्पाची बाजू नारायण राणे लावून धरत होते. शिवसेना विरोधात उतरली, एप्रिल २०११ मध्ये उद्धव ठाकरे यांची सभा तिथेच झाली. २०१४ मध्ये रत्नागिरी-सिंधुदुर्ग लोकसभेला राणेपुत्र नीलेश राणे हरले आणि सेनेचे विनायक राऊत निवडून आले. ती मोदी लाटेची निवडणूक होती, त्यामुळे सगळं श्रेय जैतापूरला देणं बरोबर नाही. पण तालुक्यात विरोधकांना उघडपणे मत देण्याची जागा मिळाली, एवढं नक्की.

खरा कस लागला त्यानंतर. केंद्रात भाजप-सेना एकत्र सत्तेत आली, भाजपने प्रकल्प पुढे रेटला, आणि सेनेचा विरोध भाषणापुरता राहिला. त्याआधीच २०१३ मध्ये भरपाई हेक्टरी साडेबावीस लाखांपर्यंत वाढली आणि बऱ्याच जमीनमालकांनी चेक उचलले. यासाठी मी कुणालाही नावं ठेवणार नाही. मुंबईत राहणाऱ्या भावांची नावं सातबाऱ्यावर, गावात एकटा राबणारा, कोर्टाच्या तारखा, पोरीचं लग्न. सात वर्षं कुणी किती ताणायचं? मच्छीमारांपुढे मात्र चेकचा प्रश्नच नव्हता, त्यामुळे त्यांचा विरोध जास्त काळ धगधगत राहिला.

याच तालुक्यात नाणारच्या रिफायनरीचं काय झालं ते इथे आठवावं. मार्च २०१९ मध्ये, लोकसभेच्या तोंडावर, युतीच्या बोलण्यांत सेनेने घातलेल्या अटीप्रमाणे ते भूसंपादन रद्द झालं. राजकारणात आंदोलनाला किंमत येते ती अशा नेमक्या वेळी. मग तेच प्रकरण २०२३ मध्ये बारसूच्या सड्यावर पुन्हा उभं राहिलं.

मग जैतापूर आंदोलनामुळे थांबलं, असं म्हणायचं का?

अजून तिथे एकही अणुभट्टी उभी राहिलेली नाही. पण याचं सगळं श्रेय आंदोलनाला देणं म्हणजे स्वतःला फसवणं आहे. फ्रान्समध्ये फ्लामाव्हीलला याच जातीची भट्टी २००७ मध्ये बांधायला घेतली, २०१२ मध्ये चालू होणार होती, ती ग्रिडला जोडली गेली डिसेंबर २०२४ मध्ये. खर्च ३.३ अब्ज युरोंचा १३ अब्जांच्या वर गेला. फिनलंडच्या ओल्किलुओटोची भट्टी २००५ मध्ये बांधायला घेतली, तिला नियमित वीज द्यायला २०२३ उजाडलं. विजेचा दर काय पडणार आणि अपघात झाला तर भरपाई कुणी द्यायची, यावर दिल्ली आणि पॅरिसचं घोडं अडलं होतं.

आंदोलनाने काय केलं, तर वेळ काढला. ती वर्षं मिळाली नसती तर फ्लामाव्हीलचं बिल बघायच्या आधीच आपण सहा भट्ट्यांची सही करून मोकळे झालो असतो.

भरपाईच्या कायद्याचं प्रकरण काय आहे?

२०१० मध्ये अणुदुर्घटनेच्या दायित्वाचा कायदा आला. त्याच वर्षी जूनमध्ये भोपाळ वायुदुर्घटनेचा निकाल लागला होता, हजारो मृत्यूंना दोन वर्षांची शिक्षा, आणि देश संतापला होता. त्या वातावरणात विरोधी पक्षांनी कायद्यात कलम १७ (ख) घालायला लावलं: सदोष यंत्र पुरवणाऱ्या कंपनीकडून चालक, म्हणजे प्रकल्प चालवणारी कंपनी, भरपाई वसूल करू शकेल. चालकाची स्वतःची मर्यादा १,५०० कोटींची. परदेशी पुरवठादारांना हे कलम खुपत राहिलं. डिसेंबर २०२५ मध्ये संसदेने नवा अणुऊर्जा कायदा केला, त्यात खासगी कंपन्यांना दार उघडलं आणि पुरवठादारावरचा तो अंकुश गेला. जैतापूर आणि तमिळनाडूतल्या कुडनकुलमच्या प्रकल्पांविरुद्ध लढणाऱ्या लोकांनी जे हातात मिळवलं होतं त्यातलं हे सगळ्यांत मोलाचं होतं, आणि ते जाताना महाराष्ट्रात त्यावर म्हणावी तशी चर्चाही झाली नाही.

नाट्याच्या गोळीबारानंतर आठवडाभरात केंद्राने स्वतंत्र अणुसुरक्षा प्राधिकरण आणायचं कबूल केलं होतं. विधेयक सप्टेंबर २०११ मध्ये मांडलंही, पण २०१४ मध्ये लोकसभा विसर्जित झाली आणि ते बारगळलं.

जगात ही चळवळ सुरू कुठून झाली?

बाँबपासून, आणि तेही एका मासेमारी नौकेपासून. १ मार्च १९५४ ला अमेरिकेने बिकिनी बेटावर हायड्रोजन बाँबची चाचणी केली आणि ‘दाइगो फुकुर्यु मारु’ या जपानी नौकेवर किरणोत्सारी राख पडली. बाजारातला ट्यूना पुरून टाकावा लागला. टोकियोच्या सुगिनामी भागातल्या बायकांनी सह्या गोळा करायला सुरुवात केली आणि पुढच्या वर्षापर्यंत देशभर तीन कोटींहून जास्त सह्या झाल्या. त्याच एप्रिलमध्ये नेहरूंनी चाचण्या थांबवण्याचं आवाहन केलं. अशा दबावातून १९६३ चा चाचणीबंदी करार आला, निदान हवेतल्या आणि पाण्यातल्या चाचण्यांपुरता. वीज प्रकल्पांकडे रोख वळला तो सत्तरच्या दशकात.

जर्मनीचं नाव नेहमी का घेतात?

व्हील नावाच्या गावामुळे. ऱ्हाईन नदीकाठी, फ्रान्सच्या सीमेवर, द्राक्षमळ्यांचा प्रदेश. तिथे अणुभट्टी येणार म्हटल्यावर मळेवाल्यांना भीती वाटली ती शीतकरण मनोऱ्यांच्या वाफेची: धुकं वाढेल, ऊन कमी पडेल, द्राक्षं नासतील. मोहोरावर धुकं उतरलं की आपल्या बागायतदाराच्या पोटात गोळा येतो, तसंच. फेब्रुवारी १९७५ मध्ये त्यांनी बांधकामाची जागा ताब्यात घेतली. पोलिसांनी हुसकावलं, तर २३ तारखेला हजारोंच्या संख्येने परत आले आणि महिनोन्‌महिने तिथेच राहिले. जंगलात ओंडक्यांचं घर बांधून लोकशाळा सुरू केली, तिथे प्राध्यापक येऊन किरणोत्सर्ग समजावून सांगत. फलकावरची घोषणा राजभाषेत नव्हती, त्यांच्या बोलीत होती. अर्थ साधा, ‘आम्ही नाही म्हटलंय’. प्रांताचे मुख्यमंत्री म्हणत होते की ही भट्टी झाली नाही तर दशकाअखेर दिवे विझतील. भट्टी झाली नाही. दिवे चालू राहिले.

या आंदोलनांतून १९८० मध्ये ग्रीन पक्ष निघाला, १९८३ मध्ये संसदेत आणि १९९८ मध्ये सत्तेत गेला. २००२ मध्ये अणुवीज टप्प्याटप्प्याने बंद करायचा कायदा झाला. चॅन्सलर मर्केल यांनी २०१० मध्ये मुदत वाढवली, फुकुशिमानंतर काही महिन्यांत तीच परत आखडली. शेवटच्या तीन भट्ट्या १५ एप्रिल २०२३ ला बंद झाल्या.

सगळीकडे असंच झालं का?

नाही. ऑस्ट्रियात त्स्वेंटेनडॉर्फची भट्टी बांधून तयार होती, ५ नोव्हेंबर १९७८ ला सार्वमत घेतलं, साडेपन्नास टक्के लोक ‘नको’ म्हणाले आणि ती कधीच चालू झाली नाही. फ्रान्सने मात्र अणुवीज वाढवतच नेली. तिथेही ब्रिटनीच्या टोकाला प्लोगॉफ हे गाव जिंकलं. १९८० मध्ये तिथे सुनावणीची कागदपत्रं आली, ती गावाने जाळली. मग सरकारने गाड्यांमध्ये फिरतं कार्यालय उघडलं, आणि बायका रोज संध्याकाळी पोलिसांसमोर उभ्या राहायच्या. १९८१ मध्ये मित्तराँ राष्ट्राध्यक्ष म्हणून निवडून आले आणि प्रकल्प सोडून दिला. पण फ्रान्सचं धोरण बदललं नाही. एक गाव वाचलं, तेवढंच.

भारतात दुसरीकडे काय झालं?

कर्नाटकात कैगाला ज्ञानपीठ विजेते शिवराम कारंत लढले, सर्वोच्च न्यायालयात गेले, १९८९ ची लोकसभाही त्यांनी याच प्रश्नावर लढवली आणि हरले. प्रकल्प झाला. बंगालमध्ये हरिपूरचा प्रकल्प २०११ मध्ये ममता बॅनर्जींच्या सरकारने नाकारला. भूसंपादनाविरुद्धच्या नंदीग्रामच्या लढ्याची आठवण ताजी होती, तिथून जवळच.

कुडनकुलमची गोष्ट सगळ्यांत कडू आहे. इडिंतकरै गावात चर्चसमोरच्या मांडवात मच्छीमार बायका आळीपाळीने उपोषणाला बसायच्या. सप्टेंबर २०११ मध्ये जयललिता सरकारने काम थांबवा असा ठराव केला. मार्च २०१२ मध्ये शंकरनकोविलच्या पोटनिवडणुकीचं मतदान झालं आणि दुसऱ्याच दिवशी सरकारने हिरवा कंदील दाखवला. हजारो लोकांवर राजद्रोहाचे गुन्हे लागले. मे २०१३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने परवानगी दिली.

आंदोलनांना परदेशी पैसा असतो का?

फेब्रुवारी २०१२ मध्ये पंतप्रधान मनमोहन सिंग यांनी कुडनकुलमबाबत अमेरिकी आणि स्कँडिनेव्हियन संस्थांकडे बोट दाखवलं होतं. ज्या मच्छीमार बाईच्या घरात रोजच्या लिलावावर चूल पेटते, तिला समुद्राची काळजी करायला स्वीडनहून कुणी सांगायला लागतं, हे मला पटत नाही. आणि भट्टी फ्रेंच, कर्ज फ्रेंच, कंपनी फ्रेंच असताना परदेशी पैशाचा आरोप माडबनच्या माणसावर करायचा, हे तर मुळीच नाही.

हवामानबदलाच्या काळात अणुवीज तर लागणारच. मग विरोध चुकीचा नाही का?

हा प्रश्न मी गंभीरपणे घेतो. अणुवीज कोळशापेक्षा खूपच कमी कार्बन सोडते, यात वाद नाही. जर्मनीने भट्ट्या आधी बंद केल्या आणि कोळसा मागे ठेवला, तो क्रम मला चुकीचा वाटतो. भारताच्या विजेत अणूचा वाटा अजून तीन टक्क्यांच्या आसपास आहे आणि सरकारने २०४७ पर्यंत १०० गिगावॉटचं उद्दिष्ट ठेवलं आहे, म्हणजे नवी गावं यादीत येणारच. पण देशाला वीज लागते, एवढ्यावरून ती माडबनच्याच सड्यावर, याच भट्टीतून, मराठी अहवाल वेळेवर न देता झाली पाहिजे, असं सिद्ध होत नाही.

आमच्या गावात जनसुनावणी लागली तर काय करायचं?

२००६ च्या पर्यावरण अधिसूचनेप्रमाणे सुनावणीची किमान ३० दिवसांची सूचना द्यावी लागते. अहवालाचा सारांश स्थानिक भाषेत मिळायला हवा. ग्रामपंचायतीने तो मिळाल्याची तारीख आवक रजिस्टरला चढवून घ्यावी, आणि मिळाला नसेल तर तसं लेखी कळवून पोच ठेवावी. सुनावणी जिल्हाधिकारी किंवा त्यांच्या वतीने अतिरिक्त जिल्हाधिकारी दर्जाच्या अधिकाऱ्यापुढे होते आणि तिचं चित्रीकरण होतं. तोंडी बोलाल तेच लेखीही द्या. शेवटी इतिवृत्त लोकांना त्यांच्या भाषेत वाचून दाखवणं बंधनकारक आहे, ते ऐकल्याशिवाय उठू नका.

आणखी एक. रागाने सुनावणीवर बहिष्कार टाकावासा वाटतो, पण तिला कोरमची, म्हणजे किमान उपस्थितीची, अट नाही. मंडपात तुम्ही नसलात तरी ती झाली असंच धरलं जातं.